दुसरा कीपर

२२ मार्च २००१. चेन्नईच्या चेपॉक मैदानावर ऑस्ट्रेलियाविरुद्धची निर्णायक कसोटी शेवटच्या घटकेला येऊन ठेपली होती. जिंकायला १५५ हव्या होत्या. दोन बाद १०१ असा डाव बघता बघता सात बाद १३५ झाला, १५१ वर झहीर खानही गेला. एका टोकाला हरभजन सिंग, दुसऱ्या टोकाला मुंबईचे समीर दिघे. हरभजनने मॅग्राला पॉइंटकडे मारून दोन धावा काढल्या आणि देशभर फटाके फुटले. त्या मालिकेची आठवण निघाली की लक्ष्मण, द्रविड, हरभजन ही नावं पुढे येतात, आणि ते रास्तच आहे. पण त्या शेवटच्या धावा पळून काढणारे, नाबाद २२ वर उभे असलेले दिघे त्या दिवशी आयुष्यातली पहिली कसोटी खेळत होते. वय ३२. ज्या वयात मुंबईचे खेळाडू निवृत्तीनंतरच्या नोकरीचा विचार करू लागतात, त्या वयात त्यांना कसोटीची टोपी मिळाली. कारण साधं होतं. कोलकात्याच्या आधीच्या कसोटीत नयन मोंगिया जखमी झाला होता.

पुढे झिम्बाब्वेत दोन आणि श्रीलंकेत तीन कसोट्या झाल्या. सहा कसोट्यांत दिघेंचा कसोटीप्रवास आटोपला. मोंगियाची तर कोलकाता हीच शेवटची कसोटी ठरली. त्या दोन-चार वर्षांत भारताने यष्टीमागे माणसं बदलण्याचा सपाटाच लावला होता: प्रसाद, करीम, दहिया, दिघे, दासगुप्ता, रात्रा, पार्थिव, कार्तिक. महेंद्रसिंह धोनी आला तेव्हा ही रांग थांबली. आणि धोनी आल्यामुळेच तिच्यातल्या बऱ्याच जणांचा पुढचा रस्ताही बंद झाला.

यष्टिरक्षकाचं गणित इतर खेळाडूंपेक्षा वेगळं असतं. संघात फलंदाज सहा असतात, गोलंदाज चार-पाच. सहाव्या क्रमांकाचा फलंदाज ढेपाळला तर सातवा आत येतो, आणि नवा माणूस थेट तिसऱ्या क्रमांकावरही खेळवता येतो. चांगला लेगस्पिनर असेल तर कर्णधार त्याच्यासाठी एखादा वेगवान गोलंदाज कमी करतो. कीपरची जागा मात्र एकच, आणि ती वाटून घेता येत नाही. दुसऱ्या कीपरने रणजीत धावांचा पाऊस पाडला तरी पहिला धडधाकट असेतो त्याला मैदानात पाय टाकता येत नाही. दुसऱ्याचं बोट, नाक, गुडघा किंवा पोट बिघडल्याशिवाय ज्याला काम मिळत नाही असा खेळाडू क्रिकेटमध्ये हा एकटाच. फुटबॉल आणि हॉकीत त्याचा सख्खा भाऊ आहे, राखीव गोलरक्षक.

या भावंडांमधली सगळ्यात नाट्यमय कहाणी अर्जेंटिनाची. १९९० च्या विश्वचषकात पहिला गोलरक्षक नेरी पुम्पिदो होता, म्हणजे १९८६ चा विश्वविजेता. १३ जूनला नेपल्समध्ये सोव्हिएत संघाविरुद्ध खेळ सुरू होऊन दहा-अकरा मिनिटं होतात न होतात तोच आपल्याच खेळाडूशी धडकून त्याचा पाय मोडला. आत आला सर्जिओ गोयकोचेआ. रिव्हर प्लेट क्लबमध्ये तो आधी फियोलच्या आणि मग याच पुम्पिदोच्या मागे बाकावर बसलेला. तिथून तो कोलंबियात गेला, तर पंचाच्या खुनानंतर तिथली १९८९ ची स्पर्धाच रद्द झाली. म्हणजे विश्वचषकाला येताना हाताशी सामन्यांचा सरावही फारसा नव्हता. हाच माणूस फ्लोरेन्सला युगोस्लाव्हियाविरुद्धच्या पेनल्टी शूटआउटमध्ये दोन फटके अडवतो, चार दिवसांत नेपल्सला यजमान इटलीविरुद्ध आणखी दोन अडवतो आणि संघाला अंतिम फेरीत नेतो. अंतिम सामन्यात ब्रेमेच्या पेनल्टीवर त्याने झेप बरोबर दिशेला घेतली होती. चेंडू तेवढा हाताला लागला नाही.

याच गोष्टीला एक पोटकथा आहे, आणि खरं शिकायचं असेल तर तिच्यातून. लुईस इस्लास १९८६ च्या विजेत्या संघात राखीव गोलरक्षक होता. १९९० ला प्रशिक्षक बिलार्दो पहिली जागा द्यायला तयार नाहीत म्हणताना तो संघातूनच बाहेर पडला. तो गेला म्हणून गोयकोचेआचा नंबर वर सरकला. पुन्हा बाकावर बसायला इस्लास राजी झाला असता, तर नेपल्समध्ये बहुधा तोच मैदानात उतरला असता. चार वर्षांनी पारडं फिरलं. सप्टेंबर १९९३ मध्ये ब्युनोस आयर्समध्येच कोलंबियाने अर्जेंटिनाला पाच गोल घातले, गोलमध्ये गोयकोचेआ होता. १९९४ च्या विश्वचषकात अर्जेंटिनाचे चारही सामने इस्लास खेळला आणि गोयकोचेआ बाकावर बसला.

आपल्याकडे इतकं नाट्य एका माणसाच्या वाट्याला आलं नाही, पण संगीत खुर्ची मात्र जोरात रंगली होती. सांगलीत जन्मलेले विजय हजारे १९५१-५२ मध्ये इंग्लंडविरुद्ध भारताचे कर्णधार होते. त्या पाच कसोटींत यष्टीमागे तिघं उभे राहिले: महाराष्ट्राचे नाना जोशी, मुंबईचे माधव मंत्री आणि बंगालचे खोकन सेन. मद्रासला भारताने इतिहासातला पहिला कसोटी विजय मिळवला तेव्हा सेन यांनी सामन्यात पाच यष्टिचीत केले. पुढे मे-जूनमध्ये संघ इंग्लंडला गेला तर पहिल्या दोन कसोट्या पुन्हा मंत्री खेळले. लीड्सला चार फलंदाज बाद आणि फलकावर शून्य अशी जी सुप्रसिद्ध नामुष्की झाली, त्या चारांत मंत्रीही होते. शेवटच्या दोन कसोट्या सेन यांना. त्याच वर्षीच्या हिवाळ्यात पाकिस्तानचा संघ पहिल्यांदा भारतात आला, तेव्हा भारताचे कर्णधार लाला अमरनाथ. दिल्लीला सेन, लखनौला जोशी, मुंबईला विजय राजिंदरनाथ, मद्रासला इब्राहिम माका आणि कलकत्त्याला परत सेन. एका वर्षाच्या आसपास पाच कीपर!

यातले राजिंदरनाथ लक्षात ठेवावेत असे. मुंबईच्या त्या कसोटीत त्यांनी चार यष्टिचीत केले. त्यांना फलंदाजी करावीच लागली नाही. संघ जिंकला. आणि ती त्यांची पहिली नि शेवटची कसोटी ठरली. निवड समितीने काय पाहिलं, काय नाही, हे आज कुणी सांगू शकणार नाही. पण चार यष्टिचीत करून घरी बसण्याइतकं काय चुकलं असावं, हा प्रश्न सत्तर वर्षांनंतरही पडतोच.

जोशींचं प्रकरण संथ होतं. १९५१ पासून १९६० पर्यंत नऊ वर्षं ते भारतीय संघाच्या आसपास राहिले आणि कसोट्या खेळले बारा. मधल्या काळात, १९५५ च्या पाकिस्तान दौऱ्यापासून, मुंबईचे नरेन ताम्हाणे आले. ताम्हाणेंचे हात इतके मऊ की चेंडू ग्लोव्हजमध्ये शिरल्याचा आवाज येत नसे, असं जुने लोक सांगतात. त्यांना २१ कसोट्या मिळाल्या. दोघांपैकी एकच जण असता, तर त्याची कसोट्यांची संख्या तिशीच्या पुढे गेली असती.

पण सगळ्यात चमत्कारिक न्याय बुधी कुंदरन यांच्या वाट्याला आला. १९६३-६४ मध्ये इंग्लंडविरुद्ध त्यांनी मद्रासला १९२ आणि दिल्लीला शतक केलं, मालिकेत ५२५ धावा काढल्या. कीपरने एका मालिकेत इतक्या धावा काढाव्यात ही तेव्हा ऐकिवात नसलेली गोष्ट. काही महिन्यांनी ऑस्ट्रेलियाचा संघ आला, तेव्हा तिन्ही कसोट्यांत यष्टीमागे होते इंद्रजितसिंहजी. त्यानंतर फरुख इंजिनियर होतेच. पुढे इंजिनियरच्या मागे रांगेत सय्यद किरमाणी उभे राहिले. १९७१ आणि १९७४ असे इंग्लंडचे दोन दौरे त्यांनी राखीव म्हणून काढले, १९७६ च्या जानेवारीत ऑकलंडला पहिली कसोटी खेळले आणि मग ८८ कसोट्या खेळूनच थांबले. किरमाणींकडे बोट दाखवून पुढच्या प्रत्येक राखीव कीपरला धीर दिला गेला. पण असा किरमाणी एखादाच.

राखीव कीपरचा दिवस कसा जातो, हे टीव्हीवर दिसत नाही. सामन्याच्या सकाळी तो पहिल्या कीपरइतकाच पूर्ण सराव करतो. बोटांच्या पेरांना चिकटपट्टी गुंडाळायची, आतले पातळ सुती ग्लोव्हज घालायचे, त्यावर मोठे. मग उकिडवं बसून झेल: आधी खालून टाकलेले सोपे, मग कडेला, मग बॅटची कड लावून फिरवलेले. भिंतीवर गोल्फचा चेंडू मारून एका हाताने झेलणं हा जुना सराव आजही चालतो. चेंडू लहान आणि उसळी तिरकी, त्यामुळे नजर आणि हात दोन्ही जागे होतात. हे सगळं नाणेफेकीआधी उरकायचं, कारण पहिल्याचं बोट सरावातही मोडू शकतं. नाणेफेकीच्या वेळी दोन्ही कर्णधार अकराची यादी देतात आणि दुसऱ्या कीपरची भूमिका क्षणात बदलते. आता पाण्याच्या बाटल्या, बदली बॅट, ओले झालेले ग्लोव्हज वाळवणं, उपाहाराच्या सुट्टीत कडेच्या खेळपट्टीवर फलंदाजांना थ्रोडाऊन. स्पिनर नेटमध्ये गोलंदाजी करत असेल तर त्याच्यामागे उभं राहायचं तेही यानेच. परिणामी अनेकदा संघातल्या स्पिनरची फिरकी पहिल्यापेक्षा दुसऱ्यालाच जास्त चांगली वाचता येते.

सामन्यात पहिला कीपर जखमी झाला तर दुसऱ्याला सहज आत येता येतं असं आज वाटतं. पण ही सोय अलीकडची. १ ऑक्टोबर २०१७ पासून लागू झालेल्या नियमांत पंचांच्या संमतीने बदली खेळाडूला यष्टिरक्षण करता येऊ लागलं. त्याआधी बदली खेळाडूने कीपिंग करायचं नाही असाच कायदा होता, मग प्रतिस्पर्धी कर्णधाराच्या चांगुलपणावर भिस्त. याचा कळस झाला जुलै १९८६ मध्ये लॉर्ड्सवर. इंग्लंडच्या ब्रूस फ्रेंचला हॅडलीचा उसळता चेंडू डोक्याला लागला. सुरुवातीला बिल ॲथी हा फलंदाज यष्टीमागे उभा राहिला. मग न्यूझीलंडचा कर्णधार जेरेमी कोनी याच्या परवानगीने बॉब टेलरला बोलावण्यात आलं. टेलर ४५ वर्षांचा, दोन वर्षांपूर्वी कसोटीतून निवृत्त झालेला आणि त्या दिवशी मैदानावर प्रायोजकांच्या पाहुण्यांची सरबराई करायला आलेला. तिथून उठून त्याने ग्लोव्हज घातले आणि कीपिंग अशी केली की जणू निवृत्त झालाच नव्हता. दुसऱ्या दिवशी हॅम्पशायरचा बॉबी पार्क्स आला, शेवटी पुन्हा फ्रेंच. एका डावात चार कीपर.

नियम बदलला तरी नोंदवही बदललेली नाही. नोव्हेंबर २०२१ मध्ये कानपूरला ऋद्धिमान साहाची मान आखडली आणि के. एस. भरत बदली म्हणून आत आला. त्याने दोन झेल घेतले, शिवाय ९५ वर खेळणाऱ्या टॉम लॅथमला यष्टिचीत केलं. पण बदली खेळाडूचे बळी कारकिर्दीच्या आकड्यांत धरत नाहीत. कागदोपत्री भरतची पहिली कसोटी फेब्रुवारी २०२३ मधली, नागपूरची.

या साऱ्या परंपरेत महाराष्ट्रातलं सर्वांत बोलकं उदाहरण चंद्रकांत पंडित यांचं आहे. रमाकांत आचरेकरांच्या तालमीत तयार झालेला मुंबईचा कीपर-फलंदाज. प्रथम श्रेणीत आठ हजारांवर धावा, सरासरी ४८ च्या पुढे, २२ शतकं. निव्वळ फलंदाज म्हणूनही कोणत्याही संघात बसतील असे हे आकडे. पण किरण मोरे त्याच काळात बडोद्यात यष्टीमागे उभे होते. पंडित यांचा जन्म १९६१ चा, मोरे यांचा १९६२ चा. म्हणजे वयाने मोठा असणारा दुसऱ्या क्रमांकावर. मोरे ४९ कसोट्या खेळले, पंडित पाच. मोरेंची सद्दी संपल्यावर जागा मोकळी होईल म्हणावं, तर बडोद्यातूनच मोंगिया आला.

गंमत अशी, की पंडित यांना बऱ्याचदा कीपर म्हणून नव्हे तर फलंदाज म्हणून खेळवलं गेलं. १९८६ च्या मद्रासच्या त्या बरोबरीत सुटलेल्या कसोटीत मोरे आणि पंडित दोघेही अकरात होते. पंडित यांनी ३५ आणि ३९ धावा केल्या. मोरे दुसऱ्या डावात शून्यावर बाद झाले. ५ नोव्हेंबर १९८७ ला वानखेडेवर विश्वचषकाची उपान्त्य लढत होती. दिलीप वेंगसरकर आजारी पडले आणि पंडित यांना आयत्या वेळी घेतलं. त्यांनी २४ केल्या. ग्रॅहम गूचने स्वीप मारून मारून भारताला घरी पाठवलं आणि त्या सामन्याच्या आठवणीत स्वीपशिवाय दुसरं काही उरलं नाही. ३६ एकदिवसीय सामने खेळून पंडित १९९२ मध्ये भारतीय संघातून बाहेर पडले.

यानंतरची कहाणी अधिक रंजक आहे. देशांतर्गत क्रिकेटमध्ये ते आधी आसामकडे आणि मग मध्य प्रदेशकडे गेले. १९९८-९९ च्या मोसमात मध्य प्रदेशचे कर्णधार म्हणून त्यांनी संघाला रणजी अंतिम फेरीत नेलं. बंगळुरूच्या चिन्नास्वामी मैदानावर पहिल्या डावात आघाडीही घेतली होती, म्हणजे सामना अनिर्णित ठेवला असता तरी करंडक आपलाच. शेवटच्या दिवशी डाव कोसळला आणि कर्नाटक जिंकलं.

प्रशिक्षक पंडित यांचा हिशेब वेगळाच निघाला. मुंबईला २००२-०३, २००३-०४ आणि २०१५-१६ अशी तीन रणजी विजेतेपदं. त्यातल्या शेवटच्याचा अंतिम सामना पुण्याजवळ गहुंजेला झाला. मग विदर्भ: २०१७-१८ आणि २०१८-१९, लागोपाठ दोन. पूर्वी कधी अंतिम फेरीतही न गेलेला संघ. जून २०२२ मध्ये त्यांचा मध्य प्रदेश मुंबईला सहा गडी राखून हरवून विजेता झाला, त्याच चिन्नास्वामीवर, २३ वर्षांनी. एकूण सहा करंडक. २०२४ मध्ये ते कोलकाता नाइट रायडर्सचे प्रशिक्षक असताना आयपीएलही जिंकून झालं.

बाकावर बसणाऱ्या कीपरमध्येच चांगला प्रशिक्षक का घडतो, यावर खूप बोललं जातं. दिघे यांनीही पुढे मुंबईला प्रशिक्षण दिलं. सुलक्षण कुलकर्णी हे आणखी एक मुंबईकर कीपर. भारतासाठी कधीच खेळले नाहीत, पण प्रशिक्षक म्हणून मुंबईला २०१२-१३ ची रणजी जिंकून दिली. अर्जेंटिनाचा रिकार्डो ला व्होल्पे १९७८ च्या विश्वविजेत्या संघात एक मिनिटही खेळला नाही आणि २००६ मध्ये मेक्सिकोचा प्रशिक्षक म्हणून विश्वचषकात अर्जेंटिनाच्याच समोर उभा ठाकला; मेक्सिको जादा वेळेत हरलं. कीपरला मैदान समोरून दिसतं, हे एक कारण. बाकावरून तेच मैदान दररोज दिसतं, आणि कुणी कुठे चुकलं हे पाहण्याखेरीज दुसरं काम नसतं, हे दुसरं. दुसरं कारण जास्त वजनाचं वाटतं. पण उलटी उदाहरणंही भरपूर आहेत. बाकावर कडवट होऊन खेळच सोडणाऱ्यांची यादी कुणी करत नाही, म्हणून ती दिसत नाही.

सातारा, सांगलीतल्या एखाद्या आईबापाला मुलगा कीपर आहे म्हटल्यावर हे सगळं ठाऊक असावं. दोन्ही जिल्हे महाराष्ट्र क्रिकेट संघटनेच्या पट्ट्यात येतात. मुंबई आणि विदर्भ सोडला तर उरलेला सगळा महाराष्ट्र म्हणजे एकच रणजी संघ. पुणे, कोल्हापूर, सोलापूर, नाशिक, संभाजीनगर, रत्नागिरी इथल्या सगळ्या कीपरांची मिळून अकरात जागा एक, पंधरात दोन. गोलंदाज मुलाला जिल्ह्यातून वर जायला चार-पाच दारं असतात, कीपरला एकच, आणि तेही बहुतेक वेळा आतून बंद. म्हणून जिल्हा पातळीवरचे जाणते प्रशिक्षक कीपरला सांगतात: पहिल्या चारात खेळण्याइतकी फलंदाजी कर, नाहीतर हात कितीही चांगले असले तरी तू वाट बघत बसशील. हा सल्ला आजच्या क्रिकेटला धरूनच आहे. ताम्हाणेंसारख्या शुद्ध कीपरला आज जागा मिळेल का, याबद्दल शंकाच आहे.

पैशाचा भाग पूर्वीपेक्षा बराच बरा झाला. २०२१ मध्ये भारतीय क्रिकेट मंडळाने देशांतर्गत सामन्यांचं मानधन वाढवलं तेव्हा ४० हून अधिक सामने खेळलेल्याला दिवसाला ६० हजार, २१ ते ४० सामन्यांना ५० हजार आणि त्याखाली ४० हजार असा दर ठरला. अकराबाहेरच्याला याच्या निम्मं. कसोटीतही राखीव खेळाडूला निम्मं मानधन मिळतं. पाणी नेण्याचं काम करून अर्धं मानधन, यावर टवाळी होते खरी. पण चार दिवस पॅड बांधून तयार बसलेल्या माणसाचं काम अर्धं असतं असं म्हणणाऱ्याने एकदा ते करून पाहावं.

विदर्भाचं ताजं उदाहरण या सगळ्याला छान लागू पडतं. अमरावतीच्या जितेश शर्माला २०१६ मध्ये मुंबई इंडियन्सने दहा लाखांत घेतलं. तिथे दोन मोसम त्याला एकही सामना मिळाला नाही. २०१७-१८ मध्ये विदर्भाच्या रणजी संघात अक्षय वाडकर आला. त्याने इंदूरला दिल्लीविरुद्धच्या अंतिम सामन्यात १३३ धावा ठोकल्या आणि यष्टीमागची जागा त्याची झाली. पुढे कर्णधार म्हणून २०२४-२५ चा करंडकही त्याने उचलला. लाल चेंडूचं दार असं मिटल्यावर जितेशने पांढऱ्या चेंडूकडे मोर्चा वळवला. २०२२ मध्ये पंजाब किंग्जने वीस लाखांत घेतलं आणि वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी तो पहिला आयपीएल सामना खेळला. २०२५ साठी बंगळुरूने त्याच्यावर अकरा कोटी मोजले. २७ मे २०२५ ला लखनौमध्ये २२८ चा पाठलाग करताना त्याने ३३ चेंडूंत नाबाद ८५ केल्या, त्या दिवशी कर्णधारही तोच होता. आठवड्याने बंगळुरूने पहिल्यांदा आयपीएल जिंकली. सप्टेंबरमधल्या आशिया चषकासाठी भारताचा संघ निवडला गेला. त्यात दोन कीपर होते, पहिला संजू सॅमसन आणि दुसरा जितेश.